भाटवडेकर, हरिश्चंद्र सखाराम

भाटवडेकर, हरिश्चंद्र सखाराम : (१८६८–१९५८). भारतातील आद्य लघुपटकारांपैकी एक. ‘सावेदादा’ या नावाने अधिक परिचित. मुंबईत छायाचित्रणाचा व्यवसाय. ७ जुलै १८९६ रोजी मुंबईच्या वॉटसन हॉटेलात ल्यूम्येअर या फ्रेंच बंधूंची चलच्चित्रे दाखविली गेली. त्या खेळांनी प्रभावित होऊन भाटवडेकरांनी इंग्लंडमधील ब्रॅडफर्डच्या रायली ब्रदर्सचा कॅमेरा मागविला. त्याची किंमत २१ गिनी (जुने इंग्लिश चलन) सांगितली जाते.

त्यांचा पहिला लघुपट मुंबईच्या हँगिंग गार्डनमधील कुस्तीचा. पुंडलिकदादा आणि कृष्णा न्हावी हे त्यातील मल्ल. त्याच्या सालाबद्दल मतभेद आहेत : काही लेखक १८९७ देतात, बहुतेक संदर्भग्रंथ १८९९. फिल्म धुण्यासाठी लंडनला पाठवावी लागे. त्यामुळे चित्रण आणि प्रदर्शन यांत बरेच अंतर पडून दोन्ही साले रूढ झाली असावीत. तरीही १८९९ अधिक ग्राह्य वाटते. भारतातील पहिला चित्रपटकार कोण, हा आद्यत्वाचा वादही याच सालाशी निगडित आहे, कारण कलकत्त्याचे हीरालाल सेन १८९८ च्या सुमारास नाट्यप्रवेशांचे चित्रण करीत होते. मात्र सेन यांचा भर रंगभूमीवर होता, तर भाटवडेकरांचा प्रत्यक्ष घडणाऱ्या प्रसंगांवर. वार्तापटाचे आद्यत्व भाटवडेकरांकडे जाते, ते यामुळे.

माकडे आणि त्यांना शिकविणारा माकडवाला हा त्यांचा दुसरा विषय. केंब्रिजला सीनियर रँग्लर (गणिताच्या पदवी परीक्षेत पहिले) झालेले र. पु. परांजपे डिसेंबर १९०१ मध्ये मायदेशी परतले, तेव्हाच्या स्वागताचे चित्रण त्यांनी केले. लॉर्ड कर्झनचा १९०३ चा दिल्ली दरबारही त्यांनी टिपला.

शैलीविषयी जे म्हणता येते ते विषयांवरून व त्या काळच्या यंत्रावरून. कॅमेरा तिवईवर एका जागी रोवलेला, हँडल हाताने फिरवायचे, मिनिट-दोन मिनिटांत रीळ संपायचे, संकलन नाही. कुस्ती किंवा माकडांचा खेळ एका चौकटीत मावतो, पात्रांमागे धावावे लागत नाही. स्वागताची गर्दी मात्र चौकटीत मावणारी नव्हे. तिथे जागा निवडणे हेच दिग्दर्शन. छायाचित्रकाराची नजर इथे कामी आली असावी.

तयार लघुपट ते परदेशी चित्रांच्या जोडीने उघड्यावरील खेळांत दाखवीत. पुढे चित्रण सोडून त्यांनी मुंबईच्या गेटी थिएटरचे व्यवस्थापन पाहिले. तेच नंतरचे कॅपिटॉल.