सावलीतून आलेली राजकन्या

चतुर्थीला चाकरमान्यांची मुलं गावी आली, की आरती-जेवणं उरकल्यावर पडवीत एका मोबाइलला चिकटून बसतात. त्यावर बहुतेक वेळा ॲनिमेशनपटातली कुणी जादूची राजकन्या असते. मोठी माणसं म्हणतात, ही सगळी परदेशी खुळं. मला ते पटत नाही. या चित्रपटांच्या मुळाशी सावल्यांचा खेळ आहे, आणि सावल्यांचा खेळ आपल्याला नवा नाही.

पूर्ण लांबीचे जे ॲनिमेशनपट आज शिल्लक आहेत, त्यांतला सर्वांत जुना १९२६ सालचा, जर्मनीतला: 'द ॲडव्हेंचर्स ऑफ प्रिन्स अहमद'. तो केला लोटे रायनिगर या तरुणीने. लहानपणापासून तिला सावल्यांच्या बाहुल्यांचा नाद. काळा पुठ्ठा आणि शिशाचे पातळ पत्रे कात्रीने कापायचे, हातापायांचे सांधे तारेने जोडायचे, खालून उजेड सोडलेल्या काचेवर बाहुली ठेवायची. तिचा हात केसभर सरकवायचा, वरच्या कॅमेऱ्याने एक चित्र टिपायचं, पुन्हा सरकवायचा. असं तीन वर्षं चाललं. गोष्ट अरबी सुरस कथांतली. तिच्यात परी बानू नावाची राजकन्या पिसांचा पोशाख घालून उडते. राजपुत्र तो पोशाख पळवतो आणि तिचं उडणं संपतं. हा प्रसंग मला अजून खुपतो.

आता आपलं पिंगुळी. कुडाळला लागून असलेल्या या गावात ठाकर समाजाने चित्रकथी, कळसूत्री आणि चामड्याच्या बाहुल्या पिढ्यान्‌पिढ्या सांभाळल्या. सावंतवाडी संस्थानाचा त्यांना आश्रय होता. चामडं कातरून, रंगवून केलेली बाहुली पडद्याला टेकवायची, मागे दिवा, आणि पुढे बसलेल्यांना रामायण दिसू लागायचं. चित्रकथीत तर एका कथेच्या चित्रांची पोथीच असते. कथेकरी एकेक चित्र पुढे धरतो, गातो, पुढचं काढतो. राजाची लेक सीता इथल्या कित्येकांना आधी अशीच भेटली. पिंगुळीचं काही बर्लिनला गेलं असं मी म्हणत नाही. पण दिवा, पडदा, कातरलेली आकृती आणि ती हलवणारा हात ही सामग्री दोन्हीकडे एकच. फरक इतकाच, की पिंगुळीतला हात लोकांसमोर, त्याच क्षणी हलतो.

पुढचा प्रवास भराभर झाला. १९३७ साली डिस्नेची 'स्नो व्हाइट' आली. तिथे जादू सावत्र आईकडे, राजकन्येच्या वाट्याला फक्त सोसणं. २०१३ च्या 'फ्रोझन'मध्ये एल्साच्या स्वतःच्या हातांतून बर्फ निघतो, आणि तो दिसू नये म्हणून तिला हातमोजे घालायला लावतात. पोशाखातली जादू चोरता येते, हातातली नाही. म्हणूनच आजच्या मुली एल्साच्या होतात असं मला वाटतं.

पिंगुळीच्या परशुराम गंगावणे यांना तिथल्या याच लोककलेसाठी २०२१ साली पद्मश्री जाहीर झाली. घरच्या गुरांच्या गोठ्यात त्यांनी या चित्रांचं आणि बाहुल्यांचं संग्रहालय उभं केलं आहे. पडवीतल्या मुलांना यंदा तिथे न्यायचं ठरवलंय. मोबाइलवरच्या राजकन्येची ही आतेबहीण त्यांनी दिव्याच्या उजेडात बघावी.