आदेला सेकेइरो आणि मातिल्दे लांदेता: 'पहिली' नेमकी कोण?

जुन्या मेक्सिकन सिनेमाविषयी वाचताना 'बोलपटातली पहिली स्त्री दिग्दर्शक' हे बिरुद कधी आदेला सेकेइरोच्या नावापुढे दिसतं, तर कधी मातिल्दे लांदेताच्या. बरेच जण दोघींची सरमिसळ करतात. तारखा पाहिल्या तर वाद लगेच मिटतो. सेकेइरोचा 'ला मुहेर दे नादिए' १९३७चा, तर लांदेताचा 'लोला कासानोवा' १९४८चा. (मूकपटांच्या काळात जायचं तर १९१७च्या मिमी देर्बाचं नाव घ्यावं लागेल. तीही अभिनेत्री आणि लेखिकाच.)

पण तारखा सांगून विषय संपवला, तर सेकेइरोवर अन्याय होईल.

सेकेइरो मुळात पत्रकार. 'पेर्लिता' या टोपणनावाने ओळखली जायची. १९२०च्या दशकात ती मूकपटांत अभिनय करत होती आणि सिनेमावर लिहितही होती. बोलपट आल्यावर 'एल प्रिसिओनेरो १३'मध्ये (१९३३) तिला भूमिका मिळाली, पण दुसऱ्याने लिहिलेल्या भूमिकांवर तिचं समाधान होईना. मग तिने सहकारी तत्त्वावर चित्रपट काढायचं ठरवलं. १९३५च्या 'मास आया दे ला मुएर्ते'ची कथा तिची, नायिकाही तीच, दिग्दर्शक मात्र रामोन पेओन. दोन वर्षांनी 'ला मुहेर दे नादिए'मध्ये लेखन, निर्मिती, दिग्दर्शन आणि मुख्य भूमिका हे सगळं तिने एकटीने पेललं.

नावाचा अर्थ 'कुणाचीच नसलेली बाई'. सावत्र बापाच्या मारहाणीला कंटाळून आना मारिया घर सोडते आणि एकत्र राहणाऱ्या तीन कलावंतांच्या घरी आसरा घेते. तिघेही तिच्या प्रेमात पडतात. त्या काळच्या मेलोड्रामात अशा बाईची दोनच ठिकाणं ठरलेली, बोहलं किंवा मरण. आना मारिया तिघांपैकी एकालाही निवडत नाही, सरळ निघून जाते. अभिनेत्रीच्या हातात लेखणी आली की काय होतं, ते मला या शेवटात लख्ख दिसतं. पुढे 'दियाब्लियोस दे अर्राबाल' हा वस्तीतल्या पोरांचा चित्रपट तिने केला, पण पैशाचं गणित कोलमडलं, चित्रपटांचे हक्क विकावे लागले आणि ती पत्रकारितेकडे परतली.

लांदेताची वाट वेगळी. ती १९३०च्या दशकात स्क्रिप्ट गर्ल म्हणून सेटवर आली. आधीच्या शॉटमध्ये नटाच्या बोटातली सिगारेट किती जळली होती, कोटाचं कोणतं बटण उघडं होतं, याची नोंद ठेवायची. हे काम करत तिने दिग्दर्शन आत्मसात केलं. सहायक दिग्दर्शक होण्यासाठीही तिला आपल्या संघटनेशी भांडावं लागलं.

तिचे पहिले दोन्ही चित्रपट फ्रान्सिस्को रोहास गोन्सालेस यांच्या कादंबऱ्यांवरचे. 'ला नेग्रा आंगुस्तियास'ची (१९४९) नायिका मेक्सिकन क्रांतीतल्या सैनिकांची सेनानी. कादंबरीत ती अखेर तिला अक्षरओळख करून देणाऱ्या मास्तरच्या संसारात दबून जाते. लांदेताने हा शेवटच बदलला. तिची आंगुस्तियास पुन्हा लढाईवर जाते. मात्र कृष्णवर्णी नायिकेसाठी गोऱ्या मारिया एलेना मार्केसच्या चेहऱ्याला रंग फासला होता. ते आज बघवत नाही.

१९५१च्या 'त्रोताकायेस'नंतर लांदेताला जवळजवळ ४० वर्षं कथापट मिळाला नाही. 'एल कामिनो दे ला विदा'ची (१९५६) कथा तिची होती, पण दिग्दर्शन अल्फोन्सो कोरोना ब्लेककडे गेलं. १९९०च्या दशकाच्या सुरुवातीला 'नोक्तुर्नो अ रोसारिओ' करून ती परतली. सेकेइरोला मात्र तशी दुसरी संधी कधी मिळाली नाही.

दोघींपैकी एकीचाच चित्रपट पाहायचा असेल, तर मी सेकेइरोचा 'ला मुहेर दे नादिए' सुचवेन. दिग्दर्शिका नायिका म्हणून समोर दिसते, आणि तिचा चेहरा एकदा पाहिला की पुन्हा लांदेताशी गल्लत होत नाही.