शेतसाऱ्याच्या तक्रारीला उच्च न्यायालयाचे दार कसे उघडले

शेतसाऱ्याची किंवा अकृषिक कराची आकारणी चुकली म्हणून तहसील कार्यालयात अर्ज दिला, पोहोच घेतली आणि पुढे महिनोन्‌महिने 'कार्यवाही सुरू आहे' एवढेच ऐकावे लागले, तर आज थेट उच्च न्यायालयात रिट याचिका करता येते. महाराष्ट्रातल्या शेतकऱ्याला ही सोय फार उशिरा मिळाली.

महसूल आणि न्यायालय यांच्यातली भिंत 1781 ची. कलकत्त्याच्या सुप्रीम कोर्टाने महसुलाच्या बाबतीत हात घालू नये, असा कायदा ब्रिटिश पार्लमेंटने तेव्हा केला. मुंबई इलाख्यात 1876 च्या महसूल अधिकारितेच्या कायद्याने ती आणखी पक्की झाली. आकारणीच्या रकमेवर दिवाणी दावा चालणार नाही, असे कलम 4 सांगत होते. कलम 11 म्हणत होते, सरकारवर दावा लावायचा तर खात्यातली सगळी अपिले आधी करून या. माझ्या मते रयतेची खरी कोंडी या दुसऱ्या कलमाने केली. साऱ्याविरुद्ध दाद मागायची ती सारा ठरवणाऱ्याच्याच वरिष्ठांकडे, आणि तिथे कागद दाबून ठेवला की पुढची वाटही अडली.

तेव्हाच्या मुंबई इलाख्यातल्या बारडोलीत 1928 साली काय झाले ते पाहा. सरकारने सारा 22 टक्क्यांनी वाढवला. शेतकऱ्यांची मागणी निष्पक्ष चौकशीची होती, पण वाढीव आकारणीविरुद्ध कोर्टात जायची सोय नव्हती. सत्याग्रह केला तेव्हा कुठे ब्रूमफील्ड आणि मॅक्सवेल या दोन अधिकाऱ्यांमार्फत साऱ्याची चौकशी झाली, आणि त्यांनी सुचवलेली वाढ भरली जेमतेम 6 टक्क्यांच्या आसपास. एवढा फरक साध्या चौकशीत निघत असेल, तर ती नाकारण्याची किंमत किती लोकांनी मोजली असेल!

मुंबई शहरात मात्र थोडी फट होती. 1877 च्या स्पेसिफिक रिलीफ कायद्याच्या कलम 45 नुसार तिथले हायकोर्ट अधिकाऱ्याला त्याचे कर्तव्य करायला भाग पाडू शकत होते, सरकारला मात्र नाही. 1923 मध्ये अल्कॉक ॲशडाउन कंपनीच्या आयकर प्रकरणात प्रिव्ही कौन्सिलने, म्हणजे लंडनमधल्या तेव्हाच्या सर्वोच्च अपील न्यायालयाने, पुढचा धागा दिला: महसूल अधिकाऱ्याला 'तुझे कायदेशीर काम कर' असे सांगणे म्हणजे महसुलाच्या प्रश्नाचा निवाडा करणे नव्हे. आजचा सगळा उपाय याच भेदावर उभा आहे. कर किती, हे कोर्ट सहसा ठरवत नाही. तक्रारीवर निर्णय द्यायला लावते.

1950 मध्ये राज्यघटनेच्या अनुच्छेद 226 ने हा अधिकार सर्व उच्च न्यायालयांना, त्यांच्या संपूर्ण क्षेत्रासाठी आणि सरकारविरुद्धही दिला. अनुच्छेद 225 ने महसुलाविषयीची जुनी बंदी उठवली. आणीबाणीतल्या 42 व्या दुरुस्तीने ती तरतूद गाळली, 44 व्या दुरुस्तीने परत आणली.

परमादेश, म्हणजे अधिकाऱ्याला त्याचे कर्तव्य करायला लावणारा रिट आदेश, मागताना रीतसर मागणी केल्याचा पुरावा लागतो, म्हणून आवक क्रमांकाची पोहोच जपून ठेवावी. मिळणारा आदेश बहुधा छोटा असतो: अर्जदाराला ऐका आणि ठरावीक आठवड्यांत गुणवत्तेवर निर्णय द्या. जुनी, मुदत संपलेली मागणी अशा आदेशाने जिवंत होत नाही, हे सर्वोच्च न्यायालयाने 2008 मध्ये सी. जेकब प्रकरणात बजावले आहे. आदेशातली मुदतही अधिकाऱ्याने पाळली नाही, तर 1971 च्या कायद्याखाली अवमान याचिका करता येते. तीही अवमान घडल्यापासून एक वर्षाच्या आत.