दीड वर्षाच्या पोरीला भूकंप आठवतो का?

माझी आतेबहीण शपथेवर सांगते की तिला किल्लारीचा भूकंप आठवतो. ३० सप्टेंबर १९९३, पहाटे चाराला चार मिनिटं कमी. आदल्या रात्री गणपती बोळवून माणसं झोपलेली. आजोबांनी तिला लाल काठाच्या गोधडीत गुंडाळलं आणि माळवदाची माती खाली यायच्या आत अंगणात आणलं. बाहेर इतकी धूळ की शेजारचं घर दिसेना. ती हे सांगते तेव्हा ऐकणाऱ्याच्या अंगावर काटा येतो. अडचण एवढीच की त्या पहाटे ती दीड वर्षाची होती. आणि आत्या म्हणते, "लाल काठाची गोधडी? ती तर मी भूकंपानंतर पत्र्याच्या शेडात गेल्यावर शिवली. तू काय बोलायलीस?"

आतेबहीण थापा मारणाऱ्यातली नाही. मग तिच्या डोळ्यांसमोर येतं ते नेमकं काय आहे?

पहिल्यांदा एक गैरसमज बाजूला करू. तान्ह्या बाळाला काहीच लक्षात राहत नाही, असं आपण धरून चालतो. पण आईचा आवाज बाळ जन्मतःच ओळखतं, कारण शेवटचे काही महिने ते पोटात तोच ऐकत असतं. बाळ शिकलेलं किती दिवस लक्षात ठेवतं, हे पुढचं कोडं अमेरिकेतल्या मानसशास्त्रज्ञ कॅरोलिन रोवी-कॉलियर यांनी सोडवलं. १९६०च्या दशकात, आपलंच बाळ किरकिर करत होतं म्हणून त्यांनी त्याच्या पायाला एक फीत बांधली आणि तिचं दुसरं टोक वर टांगलेल्या खेळण्याला. बाळानं पाय झाडला की खेळणं हलायचं. थोड्याच वेळात बाळाला ते उमगलं आणि ते मुद्दाम पाय झाडू लागलं. काही दिवसांनी तेच खेळणं पुन्हा दाखवलं की पाहायचं, बाळ लाथा मारतं की नुसतं टकमक बघत बसतं. दोन महिन्यांच्या बाळाला ही युक्ती एक-दोन दिवस आठवायची, तीन महिन्यांच्याला आठवडाभर, सहा महिन्यांच्याला साधारण दोन आठवडे. दीड वर्षाच्या मुलांना असाच, पण त्यांच्या वयाला जमेलसा खेळ दिला तर तेरा आठवड्यांपर्यंत. मला यातला सर्वांत गमतीचा भाग वाटतो तो पुढचा. तीन महिन्यांचं बाळ दोन आठवड्यांत युक्ती विसरलेलं असायचं. पण चाचणीच्या आदल्या दिवशी त्याला फक्त काही मिनिटं ते खेळणं हलताना दाखवलं, की दुसऱ्या दिवशी पाय पुन्हा चालू. म्हणजे आठवण पुसली गेली नव्हती, हाताला लागत नव्हती एवढंच.

तर दीड वर्षाच्या पोरीनं त्या पहाटेचं काहीतरी टिपलंच असणार. मग मोठेपणी ते गेलं कुठं?

बहुतेक मोठ्या माणसांची पहिली आठवण तीन ते साडेतीन वर्षांच्या सुमाराची असते. त्याच्या आधीचं कोरं. मनोविश्लेषक सिग्मंड फ्रॉइड यांनी १९०५ साली याची मोठी चर्चा केली आणि बालपणीच्या वासना मन दडपून टाकतं असं कारण दिलं. ते आता फारसं कुणी मानत नाही. आता सांगितलं जाणारं मोठं कारण मेंदूच्या बांधकामात आहे. कानाच्या आतल्या बाजूला, मेंदूत खोलवर, हिप्पोकॅम्पस नावाचा समुद्रघोड्यासारखा दिसणारा भाग असतो. काय घडलं, कुठं घडलं, कोण होतं, हे धागे तो एकत्र बांधतो. लहान वयात त्यात नव्या पेशी भराभर तयार होतात आणि जुन्या जोडण्यांत घुसतात. टोरांटोतल्या पॉल फ्रँकलंड आणि शीना जॉसलिन यांच्या गटानं २०१४ साली उंदरांवर दाखवलं की नव्या पेशींचा वेग वाढवला तर आठवणी लवकर जातात, आणि पिल्लांमध्ये तो कमी केला तर जास्त टिकतात. गिनीपिगची पिल्लं बऱ्यापैकी तयार मेंदू घेऊनच जन्मतात, त्यामुळं त्यांच्यात हे विसरणं फारसं दिसत नाही. घराचं काम चालू असताना भिंतीवर लिहून ठेवलेला हिशोब गिलाव्याखाली जावा, तसं हे आहे.

पण गिलाव्याखालचं अक्षर शाबूत असू शकतं. याच गटानं पुढं, २०१८ मध्ये, पिल्लूपणीची आठवण साठवलेल्या पेशी प्रकाशानं चेतवून मोठ्या उंदरांत ती 'हरवलेली' आठवण जागी केली. माणसाच्या बाळांबद्दल येल विद्यापीठातल्या शास्त्रज्ञांचं काम २०२५ साली आलं. चार महिने ते दोन वर्षं वयाच्या सव्वीस बाळांना, जागेपणी, एमआरआय यंत्रात चित्रं दाखवली. (ज्यांनी वर्षाच्या लेकराला जावळासाठी पाच मिनिटं गप्प बसवून पाहिलंय, त्यांना ही कामगिरी केवढी ते कळेल.) जे चित्र पाहताना हिप्पोकॅम्पस जास्त जागा झाला, ते चित्र बाळ नंतर ओळखत होतं, त्याच्याकडं जास्त वेळ बघत होतं. हा परिणाम वर्षावरच्या मुलांत ठळक होता. म्हणजे वर्षाच्या आसपास वहीत लिहिणं सुरू झालेलं असतं. वही नंतर सापडत नाही, ही वेगळी गोष्ट.

आणि ती हरवते कधी, हेही पाहून झालंय. अमेरिकेतल्या पॅट्रिशिया बाउअर यांनी तीन वर्षांच्या मुलांच्या त्यांच्या आयांशी झालेल्या गप्पा नोंदवून ठेवल्या. पुढं त्याच मुलांना त्याच प्रसंगांबद्दल विचारलं. पाच ते सात वर्षांपर्यंत मुलांना साठ टक्क्यांहून जास्त प्रसंग आठवत होते. आठ-नऊ वर्षांच्या मुलांत हे प्रमाण चाळीस टक्क्यांच्या खाली आलं. तुमची पहिलीतली पोर 'मी लहान असताना' म्हणून काही सांगत असेल तर तिला हसू नका, ते बरंचसं तिचं स्वतःचं असतं. चौथीत जाईपर्यंत तीच त्यातलं बरंचसं विसरेल.

भाषेचाही यात हात आहे. न्यूझीलंडमध्ये दोन-तीन वर्षांच्या मुलांना एक जादूचं यंत्र दाखवलं. वरून मोठं खेळणं टाकायचं, दांडा फिरवायचा, खालून तसंच पण छोटं बाहेर. सहा महिन्यांनी, वर्षानं मुलांना विचारलं. खेळणी ओळखता येत होती, यंत्र कसं चालवायचं तेही हातानं करून दाखवता येत होतं. पण बोलताना मुलं फक्त तेच शब्द वापरत होती जे त्यांना त्या दिवशी येत होते. मधल्या काळात शब्द भरपूर वाढले होते, पण जुन्या आठवणीला नवे शब्द चिकटले नाहीत. दीड वर्षाच्या पोरीकडं 'माय', 'पाणी', 'भू' असे मोजके शब्द. त्यांत भूकंप कसा मावणार?

त्यातही लहान मूल एकेक प्रसंग वेगळा धरत नाही, नेहमीचा रिवाज आधी धरतं. आमच्या भावाच्या चार वर्षांच्या पोराला येळवशीला, म्हणजे वेळ अमावस्येच्या शेतातल्या सणाला, काय झालं विचारलं, तर तो कडब्याची कोप, पांडवांची पूजा, भज्जी, आंबील सगळं क्रमानं सांगतो. यंदा कोपीवर वानरं आली होती, हे त्याला आठवण करून द्यावं लागतं. 'काय होत असतं' हे कळल्यावरच 'आज वेगळं काय झालं' ते दिसू लागतं.

मग आठवण टिकते कुणाची? ज्याच्याशी घरात बोललं जातं त्याची. शेतातून परत येताना एक आई विचारते, "मजा आली का?" पोरगं "हो" म्हणतं, विषय संपला. दुसरी म्हणते, "ते वानर आंबिलीच्या मडक्याजवळ आलं तेव्हा तू काय केलास? आबा काय ओरडले?" अशा खोदून बोलणाऱ्या आयांच्या मुलांच्या पहिल्या आठवणी पुढं बारा-तेराव्या वर्षी विचारल्या, तर त्या जास्त लहान वयापर्यंत पोचतात, असं न्यूझीलंडमधल्या संशोधकांना आढळलं. तिथल्याच माओरी लोकांत पिढ्यान्‌पिढ्या तोंडी इतिहास सांगायची पद्धत आहे. त्यांची पहिली आठवण सरासरी पावणेतीन वर्षांची, तर युरोपीय वंशाच्या लोकांची साडेतीनच्या आसपासची.

स्मरणशक्तीची पावडर विकत घेणाऱ्या पालकांसाठी एवढंच सांगतो की वयाबरोबर वाढतं ते भांडं कमी, हातोटी जास्त. १९६६ साली मानसशास्त्रज्ञ जॉन फ्लॅवेल यांनी मुलांना चित्रं लक्षात ठेवायला सांगून त्यांचे ओठ पाहिले. पाच वर्षांच्या वीस मुलांपैकी दोघं मनात घोकत होती, दहा वर्षांच्या वीसपैकी सतरा. घोकून लक्षात ठेवता येतं, हेच मुळात शिकावं लागतं. आणि आवड असेल तिथं पोरं मोठ्यांना मागं टाकतात. बुद्धिबळ खेळणारी दहा वर्षांची मुलं पटावरची मांडणी मोठ्या नवशिक्यांपेक्षा जास्त लक्षात ठेवतात, हे १९७८ पासून माहीत आहे. आमच्याकडचा तोच येळवशीवाला पोरगा नुसत्या आवाजावरून ट्रॅक्टर कुणाचा ते सांगतो. पाढ्यांना मात्र दोनाच्या पुढं सरकत नाही.

आता बोलण्याची दुसरी बाजू. जे बोलणं आठवण जगवतं, तेच तिच्यात भर घालतं. आपण पाहिलेलं कुठलं आणि ऐकलेलं कुठलं, हा फरक लहान मुलांना नीट धरता येत नाही. अमेरिकेत स्टीफन सेसी यांनी बालवाडीच्या वयाच्या मुलांना दर आठवड्याला विचारलं, तुझं बोट उंदराच्या सापळ्यात अडकलं होतं का? अडकलेलं नव्हतंच. अशा न घडलेल्या प्रसंगांपैकी निदान एक तरी, दहा आठवड्यांनंतर, निम्म्याहून जास्त मुलं घडल्यासारखा सांगू लागली, आणि तपशिलासकट. लहान मुलांची साक्ष घेताना प्रश्न कसा विचारावा याची एवढी काळजी घेतात, ती यासाठी.

आमच्या घरी तर भूकंप दर गणपतीत सांगितला जातो. आजोबा होते तोवर ते सांगायचे, मग आत्या. फ्लोरिडात १९९२ च्या अँड्र्यू वादळातून वाचलेल्या तीन-चार वर्षांच्या मुलांना काही महिन्यांनी आणि पुन्हा सहा वर्षांनी विचारलं, तेव्हा दुसऱ्यांदा त्यांनी दुपटीहून जास्त सांगितलं. वय वाढलं, शब्द आले, आणि मधल्या काळात घरोघरी त्या वादळाचं बोलणं झालं होतं. ती मुलं निदान तीन वर्षांची तरी होती. आतेबहीण दीडची. धूळ आत्यानं सांगितलेली, अंगण आजोबांनी, आणि गोधडी तिनं रोज पांघरलेली. मला तरी असंच दिसतं.

मागच्या गौरीला मी हे सगळं तिला सांगितलं. ती जरा हिरमुसली. मग म्हणाली, "बरं, गोधडी राहू दे. शेडात पाऊस पडायचा तेव्हा पत्र्यावर एवढा आवाज व्हायचा की माय ओरडायली तरी ऐकू यायचं नाही. नुसतं तोंड हललेलं दिसायचं. मी तिच्या तोंडाकडं बघत बसायची. ते कुणी सांगितलं मला?"

मी आत्याकडं पाहिलं. आत्याला यातलं काही आठवत नव्हतं. पुनर्वसनातलं घर मिळालं तेव्हा पोर चार वर्षांची होती, एवढं ती म्हणाली आणि फुलोरा तळायला उठून गेली.