श्टाझीची फाइल: स्वतःवरची कागदपत्रे वाचण्यासाठी अर्ज कसा करावा

पूर्व जर्मनीच्या गुप्त पोलिसांनी, म्हणजे श्टाझीने, ज्यांच्यावर पाळत ठेवली त्यांना स्वतःची फाइल वाचण्याचा हक्क डिसेंबर १९९१च्या कायद्याने मिळाला. २ जानेवारी १९९२पासून लोक या फाइली वाचत आहेत. सुमारे १११ किलोमीटर लांबीचे हे दप्तर जून २०२१पासून जर्मन संघीय अभिलेखागाराकडे आहे. अर्ज तिथेच करायचा.

नागरिकत्वाची अट नाही. त्या काळी तिथे शिकायला किंवा कामाला गेलेले परदेशी लोकही पात्र आहेत. संबंधित व्यक्ती हयात नसेल तर जोडीदार, मुले, नातवंडे, आईवडील किंवा भावंडांना अर्ज करता येतो. मात्र मृत्यूचा दाखला, नात्याचा पुरावा आणि अर्जाचे कारण द्यावे लागते.

सही केलेल्या अर्जासोबत ओळखीचे अधिकृत प्रमाणपत्र जोडा. परदेशातून अर्ज करत असाल तर ते जर्मन दूतावासातून घ्या. पासपोर्टची नुसती झेरॉक्स पुरत नाही. फाइल वाचायला शुल्क नाही. प्रतीक्षा लांबते, पण तुरुंगवास किंवा छळाबद्दल पुनर्वसनाचा, म्हणजे झालेल्या अन्यायाची अधिकृत कबुली आणि भरपाई मिळवण्याचा, दावा करायचा असेल तर तसे लिहून पुरावा जोडा; असे अर्ज आधी घेतले जातात.

पत्ते लिहिताना विशेष काळजी घ्या. शोध नावाच्या कार्डांवरून सुरू होतो, ती कार्डे उच्चारानुसार लावलेली आहेत आणि एकाच नावाची अनेक माणसे असतात. म्हणून जन्मतारीख, लग्नाआधीचे नाव आणि पूर्व जर्मनीतला झाडून प्रत्येक पत्ता लिहा, वसतिगृहाचासुद्धा. कार्डावर फाइलीतला मजकूर नसतो, तिचा फक्त नोंदणी क्रमांक असतो; त्यावरून दुसऱ्या कार्डसंचातून फाइल काढतात. कार्ड सापडले म्हणून माणूस खबरी ठरत नाही: पाळतीखालचे आणि खबरी, दोघांची कार्डे एकाच संचात आहेत.

‘काही सापडले नाही’ या उत्तराने पाळत नव्हती असे सिद्ध होत नाही. परदेशी हेरगिरी विभागाची बहुतेक कागदपत्रे १९९०मध्ये नष्ट झाली आणि फाडलेल्या कागदांची हजारो पोती अजून जुळवायची आहेत. काही वर्षांनी पुन्हा अर्ज जरूर करा.

फाइलीत इतरांची खासगी माहिती काळी केलेली असते, खबऱ्यांची फक्त टोपणनावे दिसतात. खरे नाव हवे असेल तर वेगळी मागणी करावी लागते, आणि कागदांवरून ओळख निःसंदिग्ध ठरली तरच ते कळवतात. ही मागणी विचार करून करावी. वेरा वोलेनबर्गर या विरोधी कार्यकर्त्यांची माहिती ‘डोनाल्ड’ या नावाने पुरवणारे त्यांचे पतीच होते.