दर्शनी किंमत की स्थानिक किंमत? मोठी संख्या ओळखताना होणारा घोळ

नेपच्यूनचा विषुववृत्ताजवळचा व्यास ४९,५२८ किलोमीटर आणि युरेनसचा ५१,११८ किलोमीटर. यांतली मोठी संख्या कोणती, असं विचारलं की नुकतीच मोठ्या संख्यांशी ओळख झालेली मुलं बऱ्याचदा पहिलीकडे बोट दाखवतात. कारणही देतात: तिच्यात नऊ आहे! उत्तर चुकीचं असलं तरी त्यामागे विचार आहे. नऊ हा सगळ्यांत मोठा अंक, हे खरंच आहे. पण त्या मुलाने दर्शनी किंमत पाहिली आणि प्रश्न होता स्थानिक किमतीचा.

अंक स्वतः जेवढा दिसतो, तेवढी त्याची दर्शनी किंमत. तो कुठेही बसवा, ती बदलत नाही. ५१,११८ मध्ये १ हा अंक तीनदा आला आहे आणि तिन्ही ठिकाणी त्याची दर्शनी किंमत १ च आहे. स्थानिक किंमत मात्र तो कोणत्या घरात बसला आहे त्यावर ठरते. त्याच तीन १ च्या स्थानिक किमती डावीकडून १,०००, १०० आणि १० आहेत. सुरुवातीचा ५ दशहजाराच्या घरात, म्हणून त्याची स्थानिक किंमत ५०,०००. शेवटच्या ८ ची मात्र ८ च, कारण एककाच्या घरात दोन्ही किमती सारख्याच असतात. घोळाचं मूळ मला इथेच दिसतं. मूल आधी एक अंकी संख्या शिकतं, आणि तिथे या दोन किमतींत फरकच नसतो.

दर्शनी किमतींची बेरीज करून पाहा. नेपच्यूनच्या संख्येतल्या अंकांची बेरीज २८ येते, युरेनसच्या १६. तरीही युरेनस मोठा, आणि तो का मोठा हे समजणं नियम पाठ करण्यापेक्षा फार मोलाचं आहे. नेपच्यूनकडे ४ दशहजार आहेत. त्यापुढच्या चारही घरांत ९ भरले तरी संख्या होते ४९,९९९, म्हणजे ५०,००० ला एक कमीच. उजवीकडची सगळी घरं मिळूनही डावीकडच्या एका घरातला एकाचा फरक भरून काढू शकत नाहीत. दहाला ९ कमी पडतात, शंभराला ९९, हजाराला ९९९. म्हणून डावीकडून पाहत जायचं आणि जिथे पहिल्यांदा अंक वेगळे दिसतील तिथेच थांबायचं. पृथ्वीचा व्यास १२,७५६ किलोमीटर, शुक्राचा १२,१०४. दशहजार सारखे, हजार सारखे, शतकाच्या घरात ७ आणि १. निकाल लागला. दशक-एकक बघायचं कारणच उरलं नाही.

आता शनीचा व्यास घ्या: १,२०,५३६ किलोमीटर. नेपच्यूनची संख्या ४ ने सुरू होते, शनीची १ ने. इथे ‘आधी अंक मोजा’ हा दुसरा नियम शिकवला जातो: सहा अंकी संख्या पाच अंकीपेक्षा मोठी. पण माझ्या मते तो वेगळा नियम म्हणून शिकवूच नये. नेपच्यूनच्या लक्षाच्या घरात काही नाही, म्हणजे शून्य आहे. शनीकडे तिथे १ आहे. १ आणि ० यांची तुलना केली की झालं. घराखाली घर मांडून मुलांना हे एकदा दाखवलं, तर दोन नियमांऐवजी एकच लक्षात ठेवावा लागतो.

अंकांची संख्या मोजून मोठेपणा कळणं ही स्थानिक किमतीचीच देणगी आहे. रोमन पद्धतीत ही सोय नाही. तिथे ८८८ लिहायला बारा अक्षरं लागतात आणि १,००० ला एकच. लांबी पाहून तिथे काहीही कळत नाही.

शून्याची गंमत तर पाहाच. त्याची दर्शनी किंमत शून्य आणि कुठल्याही घरात स्थानिक किंमतही शून्यच. मग ते काढून टाकलं तर? शनीच्या संख्येतलं शून्य काढा: १२,५३६ उरतात, आणि शनी एकदम पृथ्वीपेक्षा लहान होतो. शून्याने स्वतःची भर घातली नाही, पण डावीकडच्या १ आणि २ ला आपापल्या घरात धरून ठेवलं होतं.

अंक मोजताना स्वल्पविरामांवर मात्र विसंबू नका. प्रकाशाचा वेग सेकंदाला २९,९७,९२,४५८ मीटर. आपल्या पद्धतीत इथे तीन स्वल्पविराम येतात, आंतरराष्ट्रीय पद्धतीत २९९,७९२,४५८ असे दोनच. अंक तेच, घरं तीच. आणि दशांश चिन्हाच्या उजवीकडे तर अंक मोजूच नका: ०.१२५ मध्ये अंक जास्त आहेत, तरी ०.५ मोठा.

या दोन किमतींतला फरक संगणकावरही दिसतो. फाइलच्या नावातले आकडे जेव्हा संख्या म्हणून न वाचता मजकूर म्हणून वाचले जातात, तेव्हा १० क्रमांकाची फाइल ९ च्या आधी येते. मजकुराच्या क्रमात पहिल्या चिन्हाची पहिल्या चिन्हाशी तुलना होते. १ आधी, ९ नंतर. त्यातला १ दशकाचा आहे आणि ९ एककाचा, हे तिथे विचारात घेतलं जात नाही. उपाय साधा आहे: ९ ऐवजी ०९ लिहायचं. आता दशकासमोर दशक येतं, ० आणि १ यांची तुलना होते आणि क्रम बरोबर लागतो. फाइली शंभरावर जाणार असतील, तर सुरुवातीपासूनच ००९ लिहावं.