कॉमन लॉ: जगभर कसा पसरला आणि मराठवाड्यात कुठून आला

कॉमन लॉ म्हणजे इंग्लंडमधे तयार झालेली अशी कायदेपद्धत की जिच्यात कायद्याच्या पुस्तकाइतकंच वजन आधीच्या निकालांना असतं. वरच्या कोर्टाने एखाद्या मुद्द्यावर जे ठरवलं ते खालच्या कोर्टाला पाळावंच लागतं. फ्रान्स, जर्मनीकडची सिव्हिल लॉ पद्धत वेगळी, तिथं मुख्य भर संहितेवर.

सुरुवात साधारण बाराव्या शतकातली. दुसरा हेन्री (1154 ते 1189) राजा असताना राजाचे न्यायाधीश गावोगाव फिरून निकाल द्यायचे, त्यातून जागोजागच्या वेगवेगळ्या चालीरीती मागे पडत गेल्या आणि सगळ्या देशाला एकच म्हणून 'कॉमन' असा कायदा उभा राहिला.

बाहेर तो गेला मुख्यतः साम्राज्याबरोबर, पण सगळीकडे एकाच पद्धतीने नाही. इंग्रज जिथं वस्ती करायला गेले (अमेरिकेतल्या वसाहती, 1788 नंतर ऑस्ट्रेलिया, मग न्यूझीलंड) तिथं ते कायदा सामानासारखा सोबतच घेऊन गेले, मूळच्या लोकांचा कायदा काय होता हे फारसं कुणी विचारलंच नाही. जिथं आधीच दुसऱ्या युरोपियन सत्तेचा कायदा रुजलेला होता तिथं मात्र त्यांना बऱ्याचदा नमतं घ्यावं लागलं, म्हणून क्यूबेकमधे खाजगी हक्कांचा कायदा फ्रेंच वळणाचा राहिला आणि दक्षिण आफ्रिका, श्रीलंकेत रोमन-डच कायदा मिसळलेला सापडतो. स्कॉटलंड तर इंग्लंडला चिकटून आहे तरी तिथली पद्धत मिश्रच. हाँगकाँग 1997 ला चीनकडे गेलं पण कॉमन लॉ तिथं चालू ठेवला.

भारतात 1726 च्या सनदेने मुंबई, मद्रास, कलकत्ता इथं मेयर्स कोर्टं (नगरपालाची न्यायालयं) आली, 1774 मधे कलकत्त्याला सुप्रीम कोर्ट आणि 1862 मधे हायकोर्टं. गंमत अशी की ज्या इंग्लंडने स्वतःचा फौजदारी कायदा कधी एका संहितेत बसवला नाही त्यानेच इथं मेकॉले या इंग्रज अधिकाऱ्याच्या मसुद्यावरून 1860 ची दंड संहिता केली, आणि तीच पुढं सिंगापूर, मलाया, ब्रह्मदेश, पूर्व आफ्रिका अशी फिरली. म्हणजे अर्ध्या साम्राज्याला कायदा गेला तो लंडनहून नाही, भारतातून. वरचं शेवटचं अपील मात्र लंडनच्या प्रिव्ही कौन्सिलकडे (साम्राज्यातली अपिलं ऐकणारी तिथली वरची संस्था), ते भारतासाठी 1949 ला बंद झालं.

आता मराठवाडा. इथं इंग्रजांचं थेट राज्य नव्हतंच, निजामाचं होतं. त्यामुळं मुंबई-पुण्याकडचा कायद्याचा इतिहास जसाच्या तसा इथं लावला की हमखास घोटाळा होतो. हैदराबादचं स्वतःचं हायकोर्ट होतं, कामकाज उर्दूत, पण कायद्याचा साचा बराचसा ब्रिटिश हिंदुस्थानातलाच उचललेला, हैदराबाद पिनल कोड हे त्याचं सरळ उदाहरण. कुणी जबरदस्तीने लादला असं नाही, राज्याने शेजारचं बघून आपलं केलं. ब्रिटिशांचा थेट अंमल होता तो छावण्यांमधे आणि काही प्रमाणात रेल्वेच्या जमिनीवर, पण तिथंही मर्यादा होती: निजामाच्या रेल्वेच्या एका स्टेशनवर सिमल्याच्या मॅजिस्ट्रेटच्या वॉरंटवर माणूस पकडला होता, ती अटक प्रिव्ही कौन्सिलने 1897 मधे बेकायदा ठरवली, कारण निजामाने दिलेला अधिकार रेल्वेशी संबंधित गुन्ह्यांपुरताच होता.

सप्टेंबर 1948 मधे पोलीस ॲक्शन झाली, संस्थान भारतात आलं, आणि 1 एप्रिल 1951 पासून भारतीय दंड संहिता, पुरावा कायदा, करार कायदा हे सगळे इथं लागू झाले. जमिनीचं तसं झालं नाही. 1950 चा हैदराबाद कूळ कायदा 1956 मधे मराठवाडा मुंबई राज्यात गेल्यावरही राहिला, दुरुस्त्या होत होत. म्हणून बीड-परभणीकडं कुळाचा किंवा इनामाचा दावा असला की फाईलमधे खासरा पाहणी (जमीन कुणाच्या ताब्यात याची नोंद) निघते, मुंतखब (इनामाच्या हक्काचा निजामकालीन दाखला) निघतो, तो उर्दू कागद वाचणारा माणूस शोधावा लागतो, आणि त्याच फाईलवर वकील साहेब सुप्रीम कोर्टाचं रुलिंग जोडतात. त्या रुलिंगला बळ येतं घटनेच्या कलम 141 मुळं (सुप्रीम कोर्टाने ठरवलेला कायदा सगळ्या कोर्टांवर बंधनकारक), पण ही सवय इंग्लंडची, कागद निजामाचा. नागपूरहून निघणाऱ्या एआयआरचे (ऑल इंडिया रिपोर्टर, निकालांचा संग्रह) जाडजूड खंड बाररूममधल्या कपाटात असतातच, आता मोबाईलवर सायटेशन शोधतात तो भाग वेगळा.

औरंगाबादला मुंबई हायकोर्टाचं कामकाज 1981 च्या ऑगस्टमधे सुरू झालं, त्याआधी अपिलासाठी मुंबई गाठावी लागायची. ते सुरू करण्यालाच आव्हान दिलं गेलं होतं, 1982 मधे सुप्रीम कोर्टाने हायकोर्टाच्या मुख्य न्यायमूर्तींना तसा अधिकार आहे असं ठरवलं, आणि हा निकालसुद्धा आता इतर ठिकाणच्या खंडपीठाच्या मागणीत नजीर (आधीच्या निकालाचा दाखला) म्हणून दाखवला जातो. 1 जुलै 2024 पासून भारतात दंड संहितेच्या जागी भारतीय न्याय संहिता आली. पाकिस्तान, बांगलादेश, सिंगापूरमधे मात्र 1860 च्या त्या संहितेचीच वंशावळ अजून चालू आहे, आणि 1 जुलै 2024 च्या आधीच्या गुन्ह्यांचे खटले आपल्याकडं जुन्याच कलमांखाली चालतात.